संगीत: शेठचा मेहुणा

सुरतेत चिंध्या आणि किस्से जमवावे लागत नाहीत, कोपऱ्यात आपोआप साचतात. हा किस्सा व्हीसीआर भाड्याने मिळायचा त्या दिवसांतला.

कॉलेज सोडून मी एका अहिराणी व्हिडिओ पिक्चरला संगीत देत होतो. हत्यार एकच, कॅसिओचा कीबोर्ड. वडील सुरतेतच उधन्याला लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या कारखान्यात जॉबर, बिघडलेले माग दुरुस्त करणारे. वीस वर्षांच्या खडखडाटात कान गेलेले, पण बिघडलेल्या मशीनवर तळहात ठेवला की दोष सांगायचे. मला त्यांनी सांगून टाकलं होतं, "पडदावर तुनं नाव दिसनं ते ठीक. नहीं ते सोमवारपाईन लूमवर."

*

प्रोड्युसर साड्यांचा शेठ. म्हणाला, "म्युझिक ओरिजनलच पाहिजे हां." मी आठवडाभर खपून चाल बांधली. ढोलकीही कॅसिओवर मीच बोटांनी वाजवायचो; घरी तिचा सराव लोखंडी खाटेच्या दांड्यावर चालायचा, त्याच खाटेवर वडील झोपलेले. एका जागी बोट हमखास अडखळायचं.

शेठने चाल ऐकली आणि तोंड वाकडं केलं. "पण ही तर कुठेच ऐकलेली नाही!"

*

आमच्या गल्लीत दिवसरात्र लूम. शांतता फक्त आठवड्यातून एकदा, पॉवर बंद असायची तेव्हा. म्हणून रेकॉर्डिंग सेलवर. सेल शेठच्या मेहुण्याने आणले, तेही कुठल्या तरी जुन्या रेडिओतले. हिरोची आई मरते ते तिसरं गाणं, त्याच चालीचं, भरताना टेपरेकॉर्डर दम टाकत हळूहळू फिरला. मग नव्या सेलवर ऐकलं, तर गाणं धावत सुटलेलं. आई मेल्याचा भलताच आनंद.

डायरेक्टर म्हणजे शाळेतले मास्तर. आयुष्यभर दुसऱ्यांच्या चुका लाल शाईने काढल्या, स्वतःची एक दिसत नाही. म्हणाले, "वरातीत बसवू."

"सर, शब्द 'माय, तू गई' असे आहेत."

"वरातीत शब्द कोण ऐकतं?"

*

पिक्चरची टायटल्स लिहून आली. संगीत: शेठचा मेहुणा.

मी शेठच्या गादीसमोर जाऊन उभा राहिलो. "संगीत मी दिलंय."

शेठ शांतपणे म्हणाला, "आणि सेल कोणी आणले?"

*

पिक्चर सुरतेच्याच गोडादरा भागात दाखवला. गल्लीत टीव्ही, व्हीसीआर, भाड्याचा मोठा स्पीकर. त्या दिवशी पॉवर चालू, म्हणजे दोन्ही बाजूंचे लूमही चालू. एक सूर ऐकू येईना. पब्लिकचं काहीच अडलं नाही. कारखान्यात जन्मभर ओठ वाचून बोललेली माणसं, बरोबर जागी हसत होती. संगीत तेवढं वाया गेलं.

वडिलांनी मेहुण्याचं नाव वाचलं. माझ्याकडे एकदा बघितलं. उठले, स्पीकरजवळ जाऊन बसले आणि त्याच्या लाकडी खोक्यावर तळहात ठेवला. वरात आली, गेली. पिक्चर संपेपर्यंत हात तसाच.

घरी आलो. दाराशी चपला काढता काढता म्हणाले,

"तिसरा गानामा ठोका चुकना तुना. खाटवर चुकस, तठेच."