ग्वाटेमालाचं टाचण

बाईंच्या घरी मी एकूण सहा वर्षं होते. त्यातले शेवटचे काही महिने आम्ही दोघींनी ग्वाटेमालात काढले. म्हणजे गेलो कुठं नाही. शिरड शहापूरच्या त्या दोन खोल्यांतच होतो, पत्र्यावर ऊन तापत होतं, दारासमोरून वसमतच्या जीपा जात होत्या. पण रोज दुपारी चहा झाला की बाई म्हणायच्या, "काढ वही," आणि आम्ही निघायचो.

बाई म्हणजे जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेल्या भूगोलाच्या शिक्षिका. लग्न केलं नव्हतं. पुढच्या खोलीत निळ्या कोटातला फोटो, त्याच्याखाली पृथ्वीचा गोल, आणि कपाटात कोऱ्या टाचणवह्यांचा गठ्ठा. टाचण म्हणजे उद्या वर्गात काय शिकवायचं ते मास्तर आदल्या दिवशी लिहून ठेवतात ते. दिनांक, घटक, उद्दिष्ट, साधने, मूल्यमापन असे रकाने आखलेले असतात. बाईंनी तीस वर्षांत टाचण काढल्याशिवाय वर्गात पाय टाकला नव्हता. आता प्रवासाचं ठरल्यावर तोही त्या टाचण काढूनच करणार होत्या.

फक्त लिहायला हात नव्हता. दोन्ही हातांना कंप होता, कप धरला तर बशी वाजायची. गुडघे तर कधीच गेलेले. म्हणून त्या सांगायच्या आणि मी लिहायची.

मी चौथीतून शाळा सोडलेली, महाडकडची, खाडीकाठच्या गावातली. नवरा कंत्राटदाराच्या टोळीबरोबर रुळांच्या कामाला इकडं आला, जुने रूळ काढून रुंद रूळ टाकायचं चाललं होतं, आणि मी त्याच्यामागं आले. काम पुढं सरकलं तशी टोळी पुढं सरकली. "खोली बघतो आणि बोलावतो," म्हणून तो गेला तो गेलाच. त्यानंतर एका दुपारी मी बसथांब्यावर बसले होते आणि तीन गाड्या नुसत्या जाऊ दिल्या होत्या. बाई समोरच्या दारात खुर्ची टाकून बघत होत्या.

"कोणती गाडी पाहिजे तुला?"

मला सांगता आलं नाही.

"मग चहा तरी पी," त्या म्हणाल्या.

तो चहा पिऊन मी सहा वर्षं राहिले. त्यांनी मला कधी 'तू कोण, कुठली, नवरा काहून सोडून गेला' असं विचारलं नाही. मला टायफॉइड झाला तेव्हा आपले थरथरते हात घेऊन माझ्या कपाळावर पट्ट्या ठेवल्या, अर्धं पाणी उशीवर सांडलं. विसरलेली अक्षरं पाटीवर पुन्हा गिरवून घेतली. मी गॅसचं बटण तीनतीनदा बघणारी, भांडं पडलं तरी दचकणारी. त्या एकदाही त्यावर हसल्या नाहीत. तेव्हा त्यांना कशाला नाही म्हणणं माझ्याच्यानं शक्यच नव्हतं. तसा प्रसंगही आला नव्हता.

प्रसंग आला तो बाईंच्या भाच्यामुळं. भावाचा मुलगा अमेरिकेत टेक्सासला होता. दर रविवारी सकाळी त्याचा फोन यायचा. पुढच्या हिवाळ्यात तो बायकोबरोबर ग्वाटेमालाला जाणार होता, तिकडून विमानानं तीनच तास. म्हणाला, "आत्या, तू जन्मभर ज्वालामुखी शिकवलास. एक तरी बघ. मी आणतो तुला. पण एकटी नको, मावशींना घेऊन ये." मावशी म्हणजे मी.

बाईंनी फोनवर तळहात ठेवला. "येशील ना गं?"

"हो," मी म्हटलं. दुसरं काही तोंडात आलंच नाही.

आठ दिवसांत वसमतच्या इंटरनेट कॅफेतून कागद छापून आले. अँटिग्वा नावाचं एक जुनं शहर, स्पेनच्या लोकांनी वसवलेलं. कौलारू बैठी घरं, रस्त्यांना गोटे बसवलेले, भूकंपात पडलेली चर्चं तशीच ठेवलेली. भोवती तीन ज्वालामुखी, त्यातला एक दिवसा धूर सोडतो. आणि वर जंगलात टिकाल, माया लोकांची पडकी देवळं, पायऱ्या इतक्या उभ्या की हातांनी धरून चढावं.

"लिही. घटक : जागृत ज्वालामुखी. उद्दिष्ट : प्रत्यक्ष निरीक्षण करणे. आपली काळी माती कशापासून झाली?"

"लाव्ह्यापासून."

"बराबर. आपण थंड झालेल्या लाव्ह्यावर तूर पेरतो. मला तो गरम असताना बघायचाय." हे म्हणताना त्यांचा चेहरा असा व्हायचा की मी खाली वहीत बघायची. "तिथं वर जायला घोडे मिळतात. उतरताना मात्र चालावं लागंल. साधने : काठी, गुडघ्याचा पट्टा, गोळ्या, बॅटरी. आणि तू. तुझंही नाव लिही."

साधनांच्या रकान्यात, बॅटरीच्या खाली, मी माझं नाव लिहिलं. अक्षर चांगलं आलं होतं. दोघी हसलो. नंतर भांडी घासताना मला ते आठवलं आणि राख हातात तशीच राहिली.

गावात बातमी पसरायला दोन दिवस पुरले. शेजारच्या काकू कुंपणावरून म्हणाल्या, "काय माय, इमानात बसून राहिल्या म्हणं तुमी! आमी वसमतला जायचं तर जीपीला लटकून जाऊन राहिलो."

"बाई नेतायत."

"तिकडं डोंगरातून आग निघती म्हणं?"

"व्हय."

"मंग काहून जाऊन राहिल्या? आग काय इथं कमी हाय?" आणि पदरानं वारा घेत घेत स्वतःच हसल्या.

मी पण हसले. पण मला झोप लागत नव्हती, आणि ते विमानाच्या भीतीनं नव्हे.

माघात माझ्या भावाचं पत्र आलं होतं. गावच्या शाळेत पोरांची खिचडी शिजवायला बाई हवी होती. 'मी बोलून ठेवलं आहे,' त्यानं लिहिलं होतं. 'जूनमध्ये शाळा उघडेल त्या दिवशी हजर व्हायला पाहिजे, नाहीतर दुसरीला घेतील. मागची पडवी तुझ्यासाठी लिंपून ठेवली आहे. आई रोज विचारते.' मी ते पत्र इतक्या वेळा वाचलं की घड्यांवर फाटलं. सहा वर्षांत मी खाडीचा वास घेतला नव्हता. इकडं मासे मिळायचे ते धरणाचे, गोड्या पाण्यातले, चिखलाच्या चवीचे. मला माझ्या आईच्या हातचं काही नको होतं, फक्त तिच्या घरात मी उठावं-बसावं आणि कुणी मला ठेवून घेतलेलं नसावं, एवढंच.

पण हे बाईंना सांगायचं कसं? ज्यांनी मला दारातून आत घेतलं, त्यांना सांगायचं की मला तुमच्या दारातून बाहेर जायचंय? रोज सकाळी त्यांची बुद्धवंदना संपेपर्यंत मी ठरवायची, आज सांगते. मग त्यांना न्हाणीत नेताना त्यांचं सगळं वजन माझ्या खांद्यावर यायचं आणि बोलणं गिळलं जायचं. दुपारी "काढ वही."

पासपोर्टच्या फॉर्मला माझ्या जन्मतारखेचा पुरावा लागत होता, म्हणजे शाळा सोडल्याचा दाखला. बाई म्हणाल्या, "मी तुझ्या हेडमास्तरांना लिहिते. मास्तर मास्तरांचं काम अडवत नाहीत." लिहिलं अर्थात मीच. 'सदर विद्यार्थिनी माझ्या ओळखीची असून तिला परदेश प्रवासासाठी दाखल्याची आवश्यकता आहे.' मीच माझी विद्यार्थिनी होऊन माझ्याच हातानं अर्ज केला. खाली बाईंनी थरथरती सही केली, ती करायला त्यांना चांगला वेळ लागला. मी पाकीट घेऊन पोस्टात निघाले आणि पोस्टाच्या पेटीपुढं उभी राहिले. दाखला आला की पासपोर्ट, पासपोर्ट आला की व्हिसा. एकदा टाकलं की मागं फिरता येणार नव्हतं. पाकीट ब्लाउजमध्ये खोचून मी तशीच परत आले आणि पिठाच्या डब्यामागं ठेवून दिलं.

"टाकलंस?"

"टाकलं."

आयुष्यात मी त्यांच्याशी बोललेलं ते पहिलं खोटं. त्यानंतर रोज पोस्टमन गेला की बाई विचारायच्या, आणि रोज मी नाही म्हणायची. तेवढं तरी खरं होतं. महिना गेला. त्यांनी माझ्या त्या न पाहिलेल्या हेडमास्तरांना नावं ठेवायला सुरुवात केली. "काय बेशिस्त माणूस आहे! एका बाईच्या पत्राला उत्तर देत नाही." तो बिचारा तिकडं खाडीकाठी बसलेला, त्याला पत्ताच नाही, आणि मी इकडं भाकऱ्या थापत त्याची बदनामी ऐकायची. टाचणाची पानं तोवर पुढं सरकत होती. आम्ही अँटिग्वा संपवून तिथल्या ज्वालामुखींमधल्या एका तळ्यावर पोचलो होतो, मग टिकाल. बाईंनी पायऱ्यांचं चित्र भिंगाखाली धरलं.

"या चढणार कशा मी?"

मी पेनाला टोपण लावलं.

"तू आहेस ना," त्या स्वतःच म्हणाल्या.

एप्रिलअखेर बाईंनी दुसरं पत्र सांगितलं. "या वेळी रजिस्टर कर. आणि पावती आणून दे."

पावती आणून दे म्हटल्यावर सुटका राहिली नाही. पोस्टमास्तरांनी शिक्का मारला आणि पावती माझ्याकडं सरकवली.

मे महिन्याच्या मध्यावर दाखला आला. हेडमास्तर बिलकूल बेशिस्त नव्हते, पत्र मिळाल्याच्या दुसऱ्याच दिवशी त्यांनी पाठवला होता. बाईंनी लिफाफ्यावरची तारीख पाहिली, रजिस्टरच्या पावतीशी ताडली. भिंग लावून वाचायला लागल्या.

"जन्मतारीख, बराबर. प्रगती : समाधानकारक. वर्तणूक : चांगली." जणू माझं प्रगतिपुस्तकच. मग थांबल्या. "शाळा सोडण्याचे कारण : सतत गैरहजर." चष्म्यावरून माझ्याकडं बघितलं. "काहून गं गैरहजर?"

तीस वर्षं त्यांनी पोरांना हाच प्रश्न विचारला असेल. मला मात्र तो कुणी विचारला नव्हता, तेव्हाही नाही.

"आई मजुरीला जायची. भाऊ दोन वर्षांचा होता. त्याला कोण बघणार?"

"मग तसं गुरुजींना सांगायचं."

"मी सांगतच नाही, बाई. मला सांगता येत नाही." आणि मग ते थांबेना. "आता पण सांगितलं नाही. मला घरी जायचंय. शाळेत खिचडी करायचं काम आहे, जूनपासून. भावाचं पत्र आलंय, माघातच. तुमचं पहिलं पत्र मी टाकलंच नाही."

बाईंनी दाखल्याची घडी घातली आणि गोलाखाली सारली.

"कुठं आहे ते?"

"पिठाच्या डब्यामागं."

"आण."

मी आणलं. त्यांनी फोडायला लावलं, भिंग फिरवत पूर्ण वाचलं. "'आवश्यकता' बराबर लिहिलंय," म्हणाल्या. मग आवाज बदलला. "हिवाळ्यापर्यंत थांब. जानेवारीत परत येऊ आपण, मग जा. एवढंच मागते."

त्यांनी माझ्याकडं कधी काही मागितलं नव्हतं. सांगितलं होतं, मागितलं नव्हतं. मी दाराच्या चौकटीला धरून उभी होते.

"नाही थांबत, बाई. ते काम थांबणार नाही."

"मला न्हाणीत कोण नेईल?"

"ते मला माहीत नाही."

हे मी बोलले. आजही कधी पोरांच्या पंक्ती वाढता वाढता ते वाक्य ऐकू येतं आणि खिचडीचा डाव हातात थांबतो. पण बोलले. नंतर त्यांच्या पाण्याची वेळ झाली होती म्हणून बंब पेटवला, आणि रोजच्यासारखं त्यांना धरून न्हाणीत नेलं. त्यांनी सगळं वजन माझ्यावर टाकलं नाही. भिंतीला हात लावत लावत चालल्या.

तीन दिवस आम्ही कामापुरतं बोललो. शनिवारी मी वसमतला जाऊन पुण्याच्या गाडीचं आरक्षण करून आले. तिकीट लपवलं नाही, गोलाशेजारी ठेवलं. त्यांनी ते पाहिलं.

रविवारी फोन वाजला. बाईंनी स्वतः घेतला, दोन्ही हातांनी धरून.

"ती येणार नाही," त्या म्हणाल्या. "तिच्या घरी जायचंय तिला... नाही रे, रागावले नाही." थोडं थांबून, "रागावले. मग काय बांधून ठेवू?... मला काय विचारतोस, तिला विचार." आणि फोन माझ्यापुढं केला.

"मावशी," तो पलीकडून म्हणाला, "मग आत्याला एकटीला जमंल का?"

बाई माझ्याकडं बघत होत्या. सहा वर्षं मी या घरात हो म्हणत आले होते. त्या आठवड्यात दुसऱ्यांदा मी तसं म्हटलं नाही.

"नाही जमणार. त्यांना न्हाणीतही एकटं जाता येत नाही. ज्वालामुखी दाखवायचा असंल तर तुम्ही इथं येऊन घेऊन जा. हाताला धरून."

पलीकडं आवाज बंद झाला. लाइन गेली असं वाटलं, पण दूर कुठंतरी त्याच्या घरातला टीव्ही ऐकू येत होता.

"काय म्हणतोय?" बाईंनी हळूच विचारलं.

"विचार करून राहिलाय," मी म्हटलं, आणि फोन तसाच कानाला लावून उभी राहिले.