झालंच नाही त्याचा पंचनामा

आमचे अर्जनवीस माणसाला माणूस म्हणत नसत, "सदर इसम" म्हणत. लोह्याला तहसिलीपुढं निंबाखाली टाइपरायटर घेऊन लोकांचे अर्ज लिहायला बसायचे. चहावाला आला की स्वतःसाठी सांगायचे, "सदर इसमास अर्धा कप. साखर नामंजूर."

माझी शाळा चौथीत सुटली, पण सही मी ठसठशीत करतो. दुसऱ्याच्या हातून लिहून घेणं मला कधी पटलं नाही. तरी गेलो त्यांच्याकडं, कारण नातीचं काम अडलं होतं. पूजा जर्मनीत नर्स आहे. तिथल्याच एका पोराशी तिचं जमलं. तिथलं ऑफिस म्हणालं, तुझं आधी लग्न झालेलं नाही असा गावाकडचा सरकारी दाखला महिन्याभरात आण, नाहीतर लग्नाची तारीख गेली.

तहसिलीतला बाबू म्हणाला, "विधवेचा नमुना हाय, परित्यक्तेचा हाय. झालंच न्हाई, त्याचा न्हाई." मग त्याला माझी दया आली. "आबा, एकदा लगीन लावूनच टाका की. मोडल्याचा कागद कोर्टातून बराबर निघतो."

मी भडकून निंबाखाली आलो. "पोरगी बिनलग्नाची हाय हे अख्ख्या गावाला ठाऊक हाय!"

"गावाला हाय, शिक्क्याला न्हाई," अर्जनवीस म्हणाले. "झालेल्या लग्नाला फोटो पुरतो. न झालेल्याला साक्षीदार लागतात. बोला, लग्नाला कोन कोन आलं नव्हतं?"

आमच्या गावात लग्न म्हटलं की मांडववाला, आचारी अन् बँडवाला ठरलेले. तिघांनाही त्यांनी बोलावून घेतलं. मांडववाल्यानं सांगितलं, दारात खांब रोवला नाही. आचारी म्हणाला, चूल पेटवली नाही. बँडवाला मात्र डोकं खाजवत बसला.

"वाजवलं व्हतं की वो!"

मी त्याच्याकडं वळलो. "कवा रे?"

"तिच्या काकाच्या लग्नात. लई नाचली व्हती पोरगी."

अर्जनवीसांनी तेही टाइप केलं : सदर मुलगी नाचली, परंतु नवरी म्हणून नव्हे.

बाबूनं कागद चार वेळा वाचला अन् शिक्का मारला. नाही म्हणायचाही नमुना त्याच्याकडं नव्हता. पूजाचं लग्न ठरल्या तारखेला लागलं. आम्ही फोनवर अक्षता टाकल्या.

गेल्या उन्हाळ्यात अर्जनवीस गेले. एकटाच माणूस, मागं फक्त भाचा. वारसाच्या कागदासाठी तो गेला तर बाबू म्हणाला, "मयताचं लगीन झालं नव्हतं कशावरून?"

पूजाच्या कागदाची झेरॉक्स माझ्या ट्रंकेत होती. तीच काढली, नाव तेवढं बदलून घेतलं. मांडववाला आला, आचारी आला. बँडवाल्याला मी विचारलं, "यांच्यात वाजवलं व्हतं का?"

त्यानं टोपी काढली. "न्हाई वो आबा. दोनदा म्हनलं व्हतं, अर्जनवीस, एकदा बोहल्यावर चढा, फुकट वाजवतो. म्हनले, अर्ज नामंजूर."

जबाबाखाली मी सही केली. ठसठशीत काही आली नाही.