बाबांच्या शेजारची खिडकी

अख्खी गल्ली तिला काजमावशी म्हणायची. मशीनवर काजं पाडून देणारे पुष्कळ होते, पण हातानं काज करावं ते मावशीनंच. बटण कसं, नव्या नवरदेवासारखं अंग चोरत आत शिरायचं आणि एकदा शिरलं की हलायचं नाव नाही.

दुकान म्हणजे एकच खोली. शिवणयंत्र, इस्त्रीची फळी, भिंतीवर तिच्या वडिलांचा, शिंपीबाबांचा फोटो आणि दक्षिणेची खिडकी. याच खिडकीत बसून बाबांनी तिला काज शिकवलं होतं. ऊन सरकलं की बाबा सरकायचे, बाबा सरकले की त्यांच्या मागोमाग ही. "दिवा लावू का हो बाबा?" विचारलं की म्हणायचे, "दिव्याला पांढरा आणि मळका दोरा सारखाच गं. त्याला कुठं शर्ट घालायचाय?"

शेजारच्या बेकरीवाल्यानं त्या खिडकीला चिकटून भिंत उठवायची ठरवली आणि प्रकरण कोर्टात गेलं. बेकरीवाला भांडायचा तेही पावासारखा मऊ. "मी कुठं काय म्हणतोय मावशी? खिडकी तुमचीच. भिंत तेवढी माझी." खिडकी जुनी असेल तर भिंत लांब, मागाहून फोडलेली असेल तर भिंत चिकटून, एवढाच प्रश्न होता. जुनी आहे हे सिद्ध करायचं मावशीनं, आणि तिच्याकडे पुरावा म्हणजे तिचं तोंड. ती हरली.

नणंद समाचाराला आली. तिचं प्रत्येक वाक्य एकाच उंबऱ्यातून बाहेर पडायचं. "तरी मी म्हणत होते, वकील बदल. बघ तुझ्या बाबांच्या गालावर कसा उजेड पडलाय. तुझ्या गालावर आता ट्यूबचाच पडायचा."

मावशीचा चहा कपातच राहिला. उजेड? कुठून? ती फोटोच्या पुढ्यात जाऊन उभी राहिली. बाबांच्या खांद्याशेजारी खिडकी होती, गजांसकट. आणि त्यांच्या पायाशी बसलेली, दोन वेण्यांची, पुढचे दात पडलेली पोर म्हणजे ती स्वतः. फोटो काढताना बाबा ओठ न हलवता पुटपुटत होते, "हसू नकोस, खिंडार दिसतंय," आणि म्हणूनच तिला हसू फुटलं होतं. रोज सकाळी ती हा फोटो पुसायची. पण बघायची ते बाबांचे डोळे. बापाचा फोटो बघताना भिंत कोण बघतं?

ती फोटो छातीशी धरून वकिलांकडे पळाली.

"म्हणजे बघा," वकीलसाहेब म्हणाले, "त्याच कोर्टाला निकालाचा फेरविचार करा, असं म्हणता येतं. पण म्हणजे बघा, पहिल्यापासून भांडायला नाही. निकालात उघड दिसणारी चूक हवी, नाहीतर असा पुरावा, जो जिवापाड शोधूनही तेव्हा सापडला नसता."

"नव्हताच की सापडला!"

"म्हणजे बघा…" वकीलसाहेबांनी पुढचं गिळलं आणि अर्ज केला.

न्यायाधीशबाई त्याच होत्या. चष्मा कपाळावर चढवून त्यांनी फोटो डोळ्यांजवळ नेला. "ही मुलगी तुम्हीच?"

"हो बाई. तेच दात आता परत पडायला आलेत."

कोर्ट हसलं. बेकरीवालाही हसला.

"फोटो होता कुठं?"

वकीलसाहेब छताकडे बघू लागले. माळ्यावरच्या पेटीत, एवढं म्हटलं असतं तर खिडकी वाचली असती. ते मावशीलाही कळत होतं. पण बाबांना पेटीत कोंबायला तिची जीभ वळेना.

"भिंतीवर. माझ्याच दुकानात. टांगल्यापासून तिथंच आहे, रोज पुसते मी."

न्यायाधीशबाईंनी चष्मा खाली घेतला. "मग हा नवा पुरावा कसा म्हणू, मावशी? निकालात एके ठिकाणी चुकून 'उत्तरेची खिडकी' असं पडलंय, ती चूक दिसतेच आहे. तिथं दक्षिण करते. बाकीच्याला हात लावता येत नाही. आपलाच निकाल असा उसवत बसलं, तर कुणाचं भांडण कधी मिटायचंच नाही."

"तरी मी म्हणत होते," नणंद पायऱ्या उतरताना म्हणाली, "हरलीस खरी, पण दिशा सापडली!"

मावशीला रडता रडता हसू आलं.

"वरच्या कोर्टात जाऊ या," वकीलसाहेब म्हणाले.

"तिथंही विचारतील ना, फोटो कुठं होता?"

"म्हणजे बघा… विचारतील."

"मग राहू द्या."

गवंडी आला. विटा खिडकीच्या कमरेपर्यंत चढल्या. मावशी एक पांढरा शर्ट घेऊन खिडकीत बसली.

"भाऊ, एवढं कॉलरचं काज होऊ दे."

गवंड्यानं मालकाकडे पाहिलं. "होऊ दे, होऊ दे," बेकरीवाला म्हणाला. गवंड्यानं थापी ठेवली आणि अर्ध्या भिंतीवर कोपरं टेकून तो आत बघत राहिला. मावशीनं टाक्याला टाका भिडवत, मुळीच घाई न करता काज पुरं केलं.

"झालं का मावशी?"

तिनं दातांनी दोरा तोडला, काज उन्हात धरून दोन्ही बाजूंनी पाहिलं.

"झालं. लाव आता."