माहेराहून आलेला माणूस

लग्नाला वर्षही झालं नव्हतं. अकोले गावात सासरी मी आणि सासूबाई दोघीच असायचो; हे नोकरीपायी भंडारदऱ्याला. एका सकाळी स्वच्छ धोतरातला एक माणूस ओट्यावर येऊन टेकला. माझं माहेर संगमनेरजवळचं, तिकडूनच आल्याचं त्यानं सांगितलं. "पोरीची आई लई शिरेस हाय. घेऊन या म्हनलेत."

माझ्या हातातला तांब्या सुटला. सासूबाई एरवी भारी संशयी, रोजच्या दूधवाल्यालाही निरखून बघणाऱ्या. पण ह्याला सगळंच ठाऊक होतं: माझ्या माहेरच्या दारातला शेवगा, वडिलांचा दमा, हे घरी नसतात तेसुद्धा. लेकीला न्यायला माहेराहून मुऱ्हाळी येतोच, आणि मुऱ्हाळ्याकडे पुरावा कोण मागतं? उलट सासूबाईंनी मला सगळे दागिने घालायला लावले. "पाव्हनंरावळं जमलं आसंल. मोकळ्या गळ्यानं धाडली म्हनायला नकोत." माझी आई मरणाच्या दारात, आणि ह्या बाईला लोकांच्या तोंडाची काळजी! संताप आला, पण रडत रडतच एकेक दागिना चढवला.

एसटीत तो माझ्या मागच्या बाकावर बसला. थोड्या वेळानं पुढे वाकून म्हणाला, "ताई, संगमनेरच्या स्टँडवर लई चोर. दागिनं रुमालात बांधून माज्याकडं ठिवा." मला ते पटलंही. मी बोरमाळ काढायला मानेमागे हात नेला. तेवढ्यात त्यानं धीर दिला, "रडू नका. आई सारखी तुमच्या नावानं हाका मारतीया," आणि माझं नाव घेतलं. सासरचं.

माझा हात तिथंच थांबला. लग्नात नाव बदललं तेव्हा सगळ्यांत जास्त फणफणली होती ती आईच. त्या नावानं तिनं मला एकदाही हाक मारली नव्हती. आता मारेल?

 ओरडले आणि माणूस खरा निघाला तर? आणि गप्प बसले तर? कसंबसं विचारलं, "आईनं ठेवलेलं नाव सांगा माझं."

"तेच की! आत्ताच घेतलं न्हवं?"

मी उठले आणि जिवाच्या आकांतानं कंडक्टरला हाक मारली. चढावर गाडी हळू झाली होती. कंडक्टर गर्दीतून येईपर्यंत त्या माणसानं दारातून उडी टाकली आणि तो शेतात पळाला. बायकांनी मला पाणी पाजलं. माणूस खोटा होता. पण म्हणून आजारही खोटाच कशावरून? घर दिसताच मी पळत सुटले.

आई ओट्यावर डाळ पाखडत होती. मी तिच्या गळ्यात पडून हमसून हमसून रडले. सगळं ऐकून तिचं तोंड पांढरंफटक पडलं. तोच माणूस आठवड्यापूर्वी कल्हई लावायला म्हणून आला होता आणि दुपारभर तिच्याशी गप्पा मारत बसला होता. "आकोल्याकडं निघालोय, लेकीला निरोप आसंल तर सांगा म्हनला. पत्ता मीच दिला गं. तिथं तुला नव्या नावानं वळखत्यात, म्हनून तेच सांगितलं."

त्या दिवसापासून आईला भीतीनं धरलं ते कायमचंच. दारावर कुणी अनोळखी आला आणि लेकी कुठं दिल्यात म्हणून सहज विचारलं, की ती पदर सावरून सांगायची, "मला लेकच न्हाई." कधी मी माहेरपणाला आलेली असायचे, आत चुलीपुढे बसलेली. ते शब्द ऐकून काळजात चर्र व्हायचं. पण तो माणूस जाईपर्यंत मी बाहेर येत नसे.