उचकी विणलेला टेबलक्लॉथ

माझी आत्या काळ विणते. सूत साधंच, बाजारातलं; काळ उतरतो तो आवाजातून. मागाची पायाखालची पट्टी दाबली की खट्, धोटा पळाला की सुर्र, फणी आपटली की धप्. हे सगळं एका लयीत झालं तर नुसतंच कापड. पण धप् जरा दम धरून मारला, तर त्या कापडाजवळ वेळ लांबतो आणि घाईने मारला तर आखडतो. दातांच्या डॉक्टरांच्या दवाखान्यातले पडदे तिचेच. तिथे माणूस टेकतो न टेकतो तोच आतून बोलावणं येतं. बाहेर येताना लोक तिचं नाव कसं घेतात, ते ज्याच्या त्याच्या दातावर अवलंबून.

मागावर असताना ती शिंकसुद्धा गिळते, कारण आजूबाजूचा प्रत्येक आवाज कापडात शिरतो. म्हणून गिऱ्हाइकांशी बोलण्याचं काम माझ्याकडे, तेही बाहेर पायरीवर.

एकदा चौकातले चष्मेवाले आले. एकटे राहणारे, हळू बोलणारे गृहस्थ. त्यांची थोरली बहीण कित्येक वर्षांनी येणार होती, पण दोन गाड्यांच्या मधे जेमतेम तासभर.

"तासाभरात आमच्या ताईचं प्रवासाचं गाऱ्हाणंही संपत नाही," ते म्हणाले. "तेवढा तास जरा ऐसपैस करून द्या."

आत्याने टेबलक्लॉथ घेतला विणायला. सगळं छान जमत आलं होतं आणि शेवटच्या काठाशी, फणी हवेत असताना, तिला उचकी लागली. खट्, सुर्र, उचक्, धप्. ती तोंड दाबून बाहेर पळाली.

"कोण मेलं माझी आठवण काढतंय," ती पायरीवर बसून पाणी पीत म्हणाली.

उसवून पुन्हा विणायची सोय नव्हती. उसवलेला काळ घरभर सांडतो. माझ्या आईने एकदा तिचा एक रुमाल उसवला, तर स्वयंपाकघरात दुपारपर्यंत सकाळच रेंगाळली आणि दूध काही केल्या तापेना. शिवाय बहीण दुसऱ्याच दिवशी येणार होती. तेव्हा आत्या म्हणाली, "आपण स्वतः जाऊन बसू. काही बिघडलं तर कापड ओढून काढीन."

दुकानामागच्या खोलीत टेबल मांडलं होतं. ताई आली, बॅग टाकून भावाच्या गळ्यात पडली, मग चहाला बसली. तास खरंच ऐसपैस निघाला. गाऱ्हाणं यथासांग झालं, तरी कपातली वाफ जागची हलली नव्हती. आत्याने सुटकेचा श्वास सोडला. तेवढ्यात ताईचं कोपर त्या शेवटच्या काठावर टेकलं.

उचक्. ताई पुन्हा दारात, हातात बॅग.

"अगं, तू आत्ताच आलीस ना?" चष्मेवाले म्हणाले.

"आले होते खरी," ताई म्हणाली आणि पुन्हा गळ्यात पडली.

पुन्हा चहा, पुन्हा कोपर, पुन्हा दार. पुढच्या खेपेला ती बॅग भिरकावून धावतच आली. त्याच्या पुढच्या खेपेला वाटेत उभ्या असलेल्या मलाही मिठीत घेतलं. आत्या शरमेने लाल होऊन कापड ओढायला गेली, तर ताईने तिचा हात धरला.

"राहू दे हो. इतक्या वर्षांनी भेटतोय, एकदा भेटून कसं भागेल?"

ते ऐकून आत्याला असं हसू फुटलं की तिला खरीच उचकी लागली. चष्मेवाल्यांनी लगबगीने पाणी आणलं.

"कालही लागली होती," आत्या म्हणाली. "आठवण तुम्ही काढत होतात की काय?"

त्यांनी चष्मा काढून पुसायला घेतला. "दिवसभर," ते म्हणाले, आणि जरा थांबून, "कापडाची."

ताई इतकी खदखदून हसली की टेबलावर रेललीच. उचक्. पुन्हा दार, पुन्हा मिठ्या. आणि आत्याची उचकी कुठली थांबायला, म्हणून पुन्हा पाणी.

"तर काल," आत्याने विचारलं, "आठवण तुम्ही काढत होतात की काय?"

"दिवसभर," चष्मेवाले म्हणाले. या वेळी त्यांनी पुढे काहीच जोडलं नाही, आणि चष्मा डोळ्यांवरच राहू दिला. आत्याने पाण्याचा पेला हातात तसाच धरून ठेवला. ताई मात्र दोन्ही हात मांडीवर घेऊन बसली. हा क्षण पुसला जाऊ नये म्हणून तिने कोपरं अंगाशी अशी आवळली होती, की मला हसू आवरेना.

गाडीच्या वेळेला ताईने तो टेबलक्लॉथ बॅगेत कोंबला. वाटेत तिकीट तपासनीस तिचंच तिकीट पुन्हापुन्हा बघून चक्रावला, असं तिने नंतर फोनवर सांगितलं.

आम्ही तिघं तिला पोचवून परत निघालो. मी पुढे घरी आले. आत्या उगवली ती दिवे लागल्यावर.

"एवढा वेळ कुठे होतीस?" आईने विचारलं.

"एवढा कुठला," आत्या म्हणाली. "स्टेशनावरून सरळ तर येतेय." आणि तिला पुन्हा उचकी लागली.