चकचकीत ब्लेडं

टेबलावर पांढरा कपडा अंथरला होता आणि त्यावर एकसष्ट ब्लेडं ओळीने मांडली होती. सगळी लखलखीत. मंदार बाजूला हात मागे बांधून उभा होता. चेहरा असा, की आता कौतुक होणार.

"कशाने घासलीत ही?" मी विचारलं.

"आधी बीड ब्लास्टिंग केलं, काकू. काचेचे बारीक मणी हवेच्या प्रेशरने मारायचे. मग वायर व्हील, म्हणजे फिरता तारेचा ब्रश. तीन शनिवार गेले. इतक्या वर्षांची काजळी होती."

"आणि क्रॅक टेस्ट?"

"केली ना. साफ करून झाल्यावर केली. एकही क्रॅक नाही."

"झाल्यावर."

"मग? घाणीवर कशी करणार?"

मी कोट काढायला लागले होते. तो परत चढवला.

हे मिल्टन कीन्सच्या बाहेरच्या एका छोट्या विमान म्युझियमचं वर्कशॉप. मी तिथली कोणी नव्हे. माझं शिक्षण चौथीपर्यंत. मग लग्न, मग इंग्लंड, आणि मग एकतीस वर्षं एका फॅक्टरीत जेट इंजिनाची ब्लेडं तपासली. ब्लेड म्हणजे पातं. जेट इंजिनात पेटलेला गॅस मागे जाताना एका चाकावर आदळतो आणि चाक फिरवतो. त्या चाकाच्या कडेला ही पाती बसवलेली असतात. ती लाल होईपर्यंत तापतात आणि मिनिटाला हजारो फेरे घेतात. त्यात केसाएवढा तडा असला तरी एक दिवस पातं तुटतं. तो तडा आधी शोधायचा, एवढंच माझं काम. फॉर्म भरायला मला आजही वेळ लागतो. तडा शोधायला लागत नाही.

मंदार रीडिंग शहरात सॉफ्टवेअरमध्ये आहे. पन्नाशीचा. शनिवारी इथे येऊन फुकट काम करतो. माझी त्याची ओळख वॉटफर्डला माझ्या भाचीकडे बारशाला झाली. तो चार जणांना जर्मन जेट विमानांबद्दल ऐकवत होता. चौघांनी प्लेट उचलून पळ काढला. माझे गुडघे दुखत होते म्हणून मी बसून राहिले. "ब्लेडं कसल्या धातूची होती?" मी विचारलं. तो बोलायचा थांबला. मग म्हणाला, "काकू, तुमचा फोन नंबर देता का?"

त्याच्याकडून मला जे कळलं ते असं. दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटी जर्मनांनी जेट फायटर लढाईत उतरवलं. दोन इंजिनांचं. कोणतंही विमान त्याला गाठू शकत नव्हतं. पण देशात निकेल नाही, क्रोमियम नाही. गरम भागांना हेच धातू लागतात. मग आतल्या नळ्या साध्या पोलादी पत्र्याच्या केल्या आणि वरून ॲल्युमिनियमचा मुलामा दिला. ब्लेडांत निकेल घातलं, पण हात आखडून. इंजिन वीस-पंचवीस तास चाललं की काढायचं. थ्रॉटल, म्हणजे वेग वाढवायचा दांडा, जपून हलवावा लागे. घाईत ढकलला तर इंजिन पेट घेई किंवा बंद पडे. त्यामुळे उतरताना विमान हळू झालं की पायलटला चटकन वेग घेता येत नसे. शत्रूची विमानं तेवढ्याचीच वाट पाहत धावपट्टीजवळ घिरट्या घालत आणि तिथेच ते पाडत.

मंदार हे डोळे मोठे करून सांगत होता. मला त्यात कौतुकाचं काही दिसेना. ज्याला उतरता येत नाही असं विमान, आणि कारखान्यात धरून आणलेले कैदी ते बनवणार. पण मला कोणी मत विचारलं नव्हतं.

विचारलं होतं ते वेगळंच. म्युझियमला असं एक इंजिन ओपन डेला लोकांसमोर चालवून दाखवायचं होतं. तीन मिनिटं. इन्शुरन्सवाल्यांनी अट घातली, की ब्लेडं तपासण्याचा अनुभव असलेल्या माणसाने ती बघावीत आणि सही करावी. म्हणून मला आणलं होतं. थ्रॉटलवर बसणार होता मंदार.

वर्कशॉपचा प्रमुख ग्रॅहम. आयुष्यभर हेडमास्तर होता. आपण बोललो की विषय संपतो, ही सवय अजून गेलेली नाही.

"मिसेस वाघमारे," तो म्हणाला, "टेस्ट झालेली आहे. रिझल्ट क्लीन आहे. तुम्ही फक्त सेकंड पेअर ऑफ आइज."

"टेस्ट झालेली नाही," मी म्हटलं.

आता ही टेस्ट काय ते सांगते. ब्लेडला लाल रंगाचं पातळ तेल लावायचं. वीस मिनिटं थांबायचं. तडा असेल तर तेल आत मुरतं. वरचं पुसून काढायचं आणि पांढरी पावडर फवारायची. मुरलेला रंग पावडरीत वर येतो आणि लाल रेघ दिसते. कपाला तडा गेला की चहाची रेघ दिसते, तसंच. पण रंग आत जायला तड्याचं तोंड उघडं हवं. मणी मारले, तारेच्या ब्रशने घासलं, की वरचा धातू सरकतो आणि तोंड बुजतं. जमीन शेणाने सारवली की भेग दिसत नाही. म्हणून भेग गेली असं कोणी म्हणत नाही. म्हणून ब्लेड आधी नुसतं केमिकलने धुवायचं आणि तपासायचं. घासलंच असेल, तर ॲसिडने वरचा पातळ थर काढायचा, म्हणजे तोंड परत उघडतं. त्याला एच करणं म्हणतात.

ही चूक मीही केली आहे. फॅक्टरीत पहिल्याच आठवड्यात मी एक ब्लेड घासणीने भांड्यासारखं घासलं. आपल्याला वाटतं, साफ केलं म्हणजे काम नीट केलं. माझी सुपरवायझर होती डोरीन. तिने ते ब्लेड माझ्या हातातून घेतलं, व्हाइसमध्ये, म्हणजे लोखंडी शिकंज्यात, धरलं, हातोडीने वाकडं केलं आणि स्क्रॅपमध्ये टाकलं. सगळं डिपार्टमेंट बघत होतं. त्यानंतर मला कधी सांगावं लागलं नाही.

ग्रॅहमला मी म्हटलं, "ही एच करायला हवीत. मग परत टेस्ट."

"ॲसिड?" तो म्हणाला. "हा हेरिटेज ऑब्जेक्ट आहे. ओरिजिनल सरफेसला ॲसिड लावणं आमच्या कॉन्झर्वेशन पॉलिसीत बसत नाही."

"ओरिजिनल सरफेस तुमच्या त्या मशिनच्या डस्ट बॅगमध्ये आहे."

मंदारने खोकल्यासारखं केलं.

"पॉलिसीत काचेचे मणी मारणं बसतं?" मी विचारलं.

"ते क्लीनिंगमध्ये येतं."

"छान."

"आपण मध्यम मार्ग काढू. तुम्ही एवढंच लिहा, की डोळ्यांनी पाहिलं आणि काही दिसलं नाही."

"डोळ्यांनी पाहिलं आणि चकाकतंय, असं लिहून देते. चालेल?"

त्याला चाललं नाही. तो चहा करायला गेला. इथे वाद अडला की लोक चहा करायला जातात.

मंदार माझ्याजवळ स्टूल ओढून बसला. "काकू, जरा समजून घ्या. लढाईत ही इंजिनं फुल पॉवरवर चालली. आपण तर आयडलवर चालवणार. म्हणजे अगदी हळू. थ्री मिनिट्स."

"लढाईत पायलट मेला तर त्याच्या जागी दुसरा होता. तुझ्या जागी कोण आहे?"

"असं काय बोलता."

"तू बसणार कुठे?"

त्याने दाखवलं. इंजिन स्टँडवर आडवं होतं. त्याच्या बाजूला, हाताच्या अंतरावर म्हणावं इतक्या जवळ, खुर्ची आणि थ्रॉटलचा बॉक्स. समोर प्लास्टिकची पारदर्शक शीट.

"ही जागा कुणी ठरवली?"

"ग्रॅहमने. इथून कॅमेऱ्यात मी आणि इंजिन दोन्ही येतात."

खुर्ची बरोबर चाकाच्या रेषेत होती. मी तिथे उभी राहून पाहिलं.

"गोफण फिरताना दगड सुटला तर कुठे जातो?" मी विचारलं.

"बाहेर. बाजूला."

"ब्लेड तुटलं तर?"

तो खुर्चीकडे बघत राहिला. मग म्हणाला, "पण काकू, क्रॅक सापडलेलाच नाही. आणि बाबा येतायत पुण्याहून. चौऱ्याऐंशी वर्षांचे आहेत. व्हिसा झाला, व्हीलचेअर बुक झाली. त्यांना काय सांगू? एका काकूंनी सही केली नाही म्हणून?"

"हो. तसंच सांग."

तो चिडला. चिडला की इंग्रजीत जातो. त्यातलं मला सगळं कळलं नाही आणि कळायची गरज नव्हती.

त्याचं बोलून झाल्यावर मी विचारलं, "घासायच्या आधी ब्लेडं कशी दिसत होती?"

"फोटो आहेत. प्रत्येकाचे चार. नंबर टाकून. स्प्रेडशीटमध्ये लिंक आहेत."

आयटीवाल्यांचं हे एक बरं असतं. मी तासभर लॅपटॉपवर फोटो पाहिले, एकेक मोठा करून. छत्तीस ब्लेडांत मला खात्रीने म्हणावं असं काही दिसलं नाही. काजळीच इतकी होती. सदतिसाव्याच्या मागच्या कडेला एक बारीक रेघ होती. नखाएवढी. रेघेच्या दोन्ही बाजूंना गंजाची तांबूस छटा.

"हे ब्लेड आण."

त्याने टेबलावरून सदतीस नंबर आणलं. कडा आरशासारखी. रेघ नाही. मी नख फिरवलं. काही लागलं नाही.

"ग्रॅहमला बोलव. आणि माझ्यासमोर टेस्ट कर. तुम्ही जशी केलीत तशीच."

मंदारने लाल तेल लावलं. वीस मिनिटं आम्ही तिघं त्या एका ब्लेडभोवती बसलो. ग्रॅहमने चार वेळा घड्याळ पाहिलं. मग पुसलं, पावडर मारली. सगळं पांढरं. लाल ठिपका नाही.

"क्लीन," ग्रॅहम म्हणाला.

मी लॅपटॉप त्याच्याकडे वळवला. "मग हा कुठे गेला?"

त्याने चष्मा वर करून फोटो पाहिला. "कदाचित काजळीतला ओरखडा असेल. साफ करताना निघून गेला."

"कदाचित. मग तुम्ही लिहा, सदतीस नंबरवर दिसला तो कदाचित ओरखडा होता. खाली तुमची सही. साक्षीदार म्हणून माझं नाव टाका."

फॉर्म त्याच्यासमोर होता. पेन त्याच्या खिशात होतं. त्याने पेन काढलं नाही. शाळेत मुलांना सही कर म्हणणं सोपं असतं.

"थर्टी-सेव्हन एच करू या," मंदार म्हणाला.

"पॉलिसीप्रमाणे मला कमिटीला विचारावं लागेल," ग्रॅहम म्हणाला.

"विचारा. पण तिथे मी बसणार आहे, ग्रॅहम. कमिटी नाही."

एच करणं घरगुती काम नाही. ब्लेड एका प्लेटिंगच्या, म्हणजे धातूला मुलामा देणाऱ्या, वर्कशॉपला पाठवलं. कमिटीने एका ब्लेडपुरती परवानगी दिली, तीही दोन पानी पत्र लिहून. पुढच्या शनिवारी ते परत आलं. मंदारनेच तेल लावलं, त्यानेच पुसलं, त्यानेच पावडर मारली. मी हात लावला नाही, म्हणजे उगाच शंका नको.

पाच मिनिटांत लाल रेघ वर आली. फोटोतल्याच जागी. त्याखाली, बुडाजवळ, दुसरी एक, जी फोटोत नव्हती. बुडाजवळ म्हणजे जिथे ब्लेड चाकाला धरलेलं असतं तिथे.

मंदारने हातमोजे काढले आणि बाहेर जाऊन उभा राहिला.

मग सगळी पाठवली. यावेळी कमिटीचं पत्र एका ओळीचं होतं. एकसष्टपैकी चौदा ब्लेडांत तडे निघाले. मी रिपोर्ट मंदारला सांगितला, त्याने इंग्रजीत टाईप केला. शेवटचं वाक्य होतं, हे चाक फिरवू नये. त्याखाली मी सही केली. सहीला माझी कधीच ना नव्हती.

ओपन डेला इंजिन चाललं नाही. ग्रॅहमने ते बंद ठेवून समोर मांडलं आणि ती चौदा ब्लेडं काचेखाली ठेवली, पांढरी पावडर आणि लाल रेघांसकट. लोक इंजिनापेक्षा तिथेच जास्त थांबत होते.

मंदारचे बाबा व्हीलचेअरमधून आले. आयुष्य बसडेपोत गेलेलं, फोरमन होते. मंदारने त्यांना सगळं सांगितलं. खुर्ची कुठे ठेवली होती तेही सांगितलं. लपवलं नाही, हे त्याच्याकडून चांगलं झालं. त्यांनी चाक पाहिलं, मग रिकामी जागा पाहिली, मग परत चाक.

"आधी घासलंस?" ते म्हणाले.

"हो बाबा."

"गाढवा, तुला सायकलच्या वेळेपासून सांगतोय. आधी बघ, मग पूस."

मग मला म्हणाले, "बाई, याची आई असती तर तिने तुमचे पाय धरले असते. मला वाकता येत नाही." मी म्हटलं, मलाही नाही. तेवढ्यावर ते संपलं.

निघताना मी काचेवरची पाटी मंदारकडून वाचून घेतली. तिच्यावर लिहिलं होतं, आमच्या टीमने बारकाईने केलेल्या साफसफाईमुळे हे तडे उघडकीस आले.

मी ग्रॅहमकडे गेले. "हे उलटं आहे. साफसफाईमुळे ते झाकले गेले होते."

त्याने पाटी परत वाचली. त्याला कळलं, हे मला दिसलं.

"खरं आहे," तो म्हणाला. "पण ती लॅमिनेट झालीय."

पाटी अजून तिथेच आहे. वस्तू पुसायच्या आधी बघावी, हे एकसष्ट ब्लेडं आणि तीन शनिवार खर्च करून माणसांना शिकवता येतं. पाटी लॅमिनेट करायच्या आधी कुणाला तरी विचारावं, हे शिकवायला किती लागतात, मला माहीत नाही.