मुलाणीभाऊंचा शेवटचा फर्मा

मुलाणीभाऊ अपुरं पुस्तक बांधत नसत. लोणावळ्याच्या बाजारामागच्या बोळात त्यांचं बाइंडिंगचं दुकान होतं. तिथे कुणी काहीही बांधायला आणलं, वकिलाची फाइल असो की देवळातली पोथी, की भाऊ आधी पानं मोजत. एक जरी पान कमी निघालं तरी गठ्ठा दोरी बांधून परत. "पान घिऊन या," एवढंच सांगत. गिऱ्हाईक म्हणे, "अहो, कुणाला कळणार आहे?" त्यावर "मला कळलं की," म्हणून ते पुढच्या गठ्ठ्याला हात घालत.

माझी त्यांची ओळख यापायीच झाली. मी तळेगावहून लोकलने लोणावळ्याला येऊन कॉलेजात इंग्रजी शिकवते. पाच वर्षं खपून लिहिलेल्या माझ्या प्रबंधाच्या सहा प्रती मी त्यांच्याकडे टाकल्या, आणि दुसऱ्या दिवशी त्या सहाच्या सहा दोरी बांधून दारात ठेवलेल्या दिसल्या. "एकशेतेरावं पान कुटंय?" त्यांनी विचारलं. ते कुठेच नव्हतं. माझ्या मार्गदर्शकांनी तो प्रबंध वाचून सही केली होती. मीही तो वाचला होता, असा माझा समज होता. मी पान छापून आणलं, भाऊंनी प्रती बांधल्या आणि हातात देताना म्हणाले, "मोजून घ्या." ते प्रत्येकालाच असं म्हणत आणि कुणीच मोजून घेत नसे. मीही हसून प्रती पिशवीत टाकल्या.

त्यानंतर कॉलेजच्या लायब्ररीचं काम घेऊन मी त्यांच्याकडे जाऊ लागले. दुकानात खळीच्या डब्यामागे, वरच्या फळीवर पांढऱ्या फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी कायम असायचं. एकदा त्यांनी स्वतःच ते खाली काढलं. तुंगार्लीतल्या एका बंगल्याच्या मालकाने बांधायला दिलेलं ते जुनं इंग्रजी पुस्तक होतं. पुढे बंगला विकला गेला, मालक फिरकले नाहीत, आणि पुस्तक अकरा वर्षं तसंच सुटं पडून राहिलं, कारण त्याचा शेवटचा फर्मा नव्हता. फर्मा म्हणजे छापखान्यातला मोठा कागद घड्या घालून त्याची आठ पानं होतात तो जुडगा. असे फर्मे एकावर एक शिवले की पुस्तक होतं.

"पयलं पान मी वाचलंय," भाऊ म्हणाले. "वरीस लागलं. त्यात नुसता बर्फ हाय आन् एक गाय. गाय बर्फ चाटती आन् त्यातनं माणूस निघतो. असंच लिवलंय का?"

मी पाहिलं. असंच लिहिलं होतं.

"मग बरोबर हाय. मला वाटलं माझं इंग्रजी चुकलं."

पुस्तक उत्तरेकडच्या जुन्या देवांचं होतं. ओडिन, थोर आणि त्यांचा गोतावळा. साडेसातशे वर्षांपूर्वी आइसलंड नावाच्या बेटावर कुणीतरी त्यांची काव्यं वासराच्या कातड्यावर लिहून ठेवली, आणि त्यावरून कुण्या साहेबाने हे पुस्तक रचलं होतं. मी भाऊंना सांगितलं, की लिहिणारे लोक तोवर दोन-अडीचशे वर्षं ख्रिस्ती झालेले होते, त्या देवांना कुणी भजत नव्हतं. भाऊंनी विचारलं, "मग लिवलं कशाला?" मी म्हटलं, विसरायला नको म्हणून. "बराबर हाय," ते म्हणाले. "मी बी पोथ्या बांधतोच की. नमाज आपला येगळा, पानं समद्यांची सांभाळावी लागत्यात."

कॉलेज शनिवारी लवकर सुटतं. दर शनिवारी लोकलला वेळ असेतो मी एक फर्मा वाचून मराठीत सांगायची आणि भाऊ खाली मान घालून शिलाई करत ऐकायचे. देवांची नावं त्यांच्या तोंडात बसली नाहीत, म्हणून त्यांनी आपली ठेवली. ओडिन तो एकडोळ्या, थोर तो हातोडीवाला, आणि देवांमध्ये राहून देवांचीच भांडणं लावणारा तो लावालाव्या. विश्वाच्या झाडाच्या बुंध्यात नाग असतो, शेंड्यावर गरुड, आणि एक खार दिवसभर वरखाली पळत एकाच्या शिव्या दुसऱ्याला पोचवते, हे ऐकून ते म्हणाले, "आमच्या बोळात बी हाय. नाव घेत न्हाई." हातोडीवाला चोरीला गेलेली हातोडी परत मिळवायला नवरी बनून राक्षसाच्या घरी जातो, आणि लग्नाच्या पंगतीत अख्खा बैल खातो, तरी कुणाला संशय कसा येत नाही, असं मला वाटलं. भाऊंना वाटलं नाही. "पयल्या दिवशी सुनंला कोण बोलंल?"

एका गोष्टीपाशी मात्र त्यांनी सुई खाली ठेवली. देवांना एक भयंकर लांडगा बांधायचा असतो आणि साखळदंड टिकत नाहीत. मग बुटके कारागीर त्यांना एक मऊ दोरा करून देतात. मांजराच्या पावलांचा आवाज, बाईची दाढी, डोंगराची मुळं, माशाचा श्वास, असल्या वस्तूंचा. "दोरा बारीक आन् तुटत न्हाई?" त्यांनी विचारलं. मी हो म्हटलं. ते बराच वेळ स्वतःच्या हातातल्या दोऱ्याकडे नाराजीने पाहत राहिले.

भाऊंचा डावा डोळा काचबिंदूने गेला होता. एकडोळ्याने शहाणपणासाठी आपला एक डोळा विहिरीत टाकला, हे वाचताना मी जरा अडखळले. भाऊ म्हणाले, "वाचा, वाचा. त्यानं डोळा दिला तवा त्याला अक्कल आली. माझा दवाखान्यात गेला, काय बी आलं न्हाई."

पुस्तकाच्या मधोमध एक विचित्र जागा होती. एक बाई एका वीराला उपदेश करत असते, तिचं बोलणं मध्येच तुटतं, आणि पुढे एकदम त्याच वीराला मारायचा कट शिजलेला असतो. भाऊंनी तिथले फर्मे दोनदा मोजले. बरोबर होते. साहेबाने तळटीप दिली होती, की मूळ कातडी पोथीतलाच एक जुडगा केव्हातरी हरवलाय आणि त्यात आठ पानं असावीत.

"आठ?" भाऊ म्हणाले. "म्हंजे फर्माच गेला की."

"हो. त्यात काय होतं ते आता जगात कुणालाच माहीत नाही."

त्यांचा चेहरा पडला. आइसलंडचं राहू दे, ते कधी रत्नागिरीलाही गेले नव्हते, पण तिकडच्या कुण्या बाइंडरने केलेली हयगय आपल्याच घरातली असल्यासारखे ते दुकानाच्या दाराकडे पाठ करून बसले. "शिलाई सैल ठिवली असंल," ते अखेर म्हणाले आणि त्या जागी खुणेची चिठ्ठी घातली.

शेवटाला पोचायला आम्हाला वर्ष लागलं. थंडी तीन वर्षं हटत नाही, भाऊ भावाला मारतो, लांडगा दोरा तोडतो. भाऊंना दोऱ्याचं वाईट वाटलं. देव लढून मरतात, सूर्य काळा पडतो, जमीन समुद्रात बुडते. तिथे शेवटचं पृष्ठ संपत होतं.

"बास. हितंच संपतं," भाऊ म्हणाले. "फर्मा गेलाय म्हंतो खरा, पर पुढं काय असणार? बुडालं म्हंजे बुडालं."

त्यांचं गाव पवना धरणात गेलं तेव्हा ते बारा वर्षांचे होते, हे मला तेव्हा कळलं. धरणाकाठचं पवनानगर लोणावळ्याहून जीपने असं कितीसं लांब, पण त्या दिवसापासून ते तिकडे एकदाही गेले नव्हते. उन्हाळ्यात पाणी उतरलं की गावातले बाकीचे लोक जुनी जागा बघायला जात. भाऊ जात नसत. "काय बघायचं? चिखल?"

त्या वर्षी डॉक्टरांनी त्यांना उजव्या डोळ्याचंही सांगितलं. वर्ष, फार तर दीड. भाऊंनी नवीन कामं घेणं बंद केलं आणि हातातली एकेक उरकत आणली. फळीवर ते पांढरं फडकं तेवढं राहिलं. "ह्ये एक राह्यलंय," ते म्हणाले. अपुरं बांधायचं नाही हा नियम, आणि बांधल्याशिवाय डोळा जाऊ द्यायचा नाही ही इच्छा. दोन्ही त्यांचीच होती, त्यामुळे भांडायला दुसरं कुणी नव्हतं.

मी घरी गेले आणि इंटरनेटवर शोधलं. अर्ध्या तासात त्याच आवृत्तीची स्कॅन केलेली प्रत मिळाली. जे इतकी वर्षं अडलं होतं ते अर्ध्या तासात मिळालं याची मला इतकी लाज वाटली, की पुढच्या शनिवारी दुकानात शिरताना मी चपलाही बाहेर काढल्या. सोळा पृष्ठं छापून नेली होती. वाचून दाखवली. जमीन पुन्हा समुद्रातून वर येते, हिरवीगार. धबधबे कोसळतात, वर गरुड मासे धरत फिरतो. न पेरता शेतं पिकतात. उरलेले देव परत येतात आणि त्यांना गवतात जुन्या खेळातल्या सोन्याच्या सोंगट्या सापडतात.

भाऊंनी पानं हातात घेतली, कागद बोटांनी चोळून पाहिला आणि परत दिली. "ह्ये कुणीतरी मागनं जोडलंय."

मी म्हटलं, काही विद्वानांचंही असंच मत आहे.

"मग त्यांचं बी गाव धरणात गेलं असंल," भाऊ म्हणाले. "खोटा फर्मा मी शिवणार न्हाई."

मी वाद घातला. चिडलेही. शेवटी मी ती पानं खळीच्या डब्याखाली ठेवून निघून आले, आणि दोन महिने त्या बोळात गेले नाही.

मे महिन्यात त्यांचा फोन आला. "मॅडम, धरणाचं पाणी लय उतरलंय म्हणं. उद्या सवड हाय का? ती पानं मी घेतो."

"कशाला?"

"खात्री करायची."

आम्ही जीपने गेलो. उतरल्यावर मी त्यांचा हात धरला आणि पाणी हटलेल्या उतारावरून खाली निघालो. चिखल नव्हता. खालपर्यंत कोवळं हिरवं गवत होतं आणि त्यात म्हशी चरत होत्या. भाऊंनी वाकून गवतावर हात फिरवला. "ह्ये कुणी पेरलं?"

"कुणी नाही. आपोआप आलंय."

"बरं. वाचा."

मी उभ्या उभ्या पान वाचू लागले आणि ते एकेक कलम तपासू लागले. गरुड? गरुड नव्हता, घार होती. "मासा धरती का बघा." आम्ही थांबलो. बऱ्याच वेळाने घारीने पाण्यावर झेप घेतली आणि काहीतरी उचललं. "धरला," मी म्हणाले. "बरं. धबधबा?" मी म्हटलं, मे महिन्यात कुठला धबधबा. "मग त्यो सोडून द्या," भाऊ म्हणाले.

पुढे दगडांच्या ओळी लागल्या. तिथून भाऊंनी माझा हात सोडला. ज्याला बोळातली गटारं दिसत नव्हती तो माणूस न चाचपडता चालत गेला आणि एका चौथऱ्यापाशी थांबला. चावडीचा चौथरा, ते म्हणाले. खाली बसून त्यांनी एका फरशीवरचं शेवाळ नखाने खरवडलं. दगडात टाकीने कोरलेला वाघ-बकरीचा पट होता. रेघा जशाच्या तशा होत्या.

"माझा बाप आन् भैरोबाचा गुरव हितं बसायचे," भाऊ म्हणाले. त्या रेघांवरून ते बोट फिरवत राहिले. मग त्यांना रडू आलं. मी घारीकडे पाहत उभी राहिले.

थोड्या वेळाने त्यांनी डोळे पुसले, खडे गोळा केले आणि मला समोर बसवलं. चांगल्या डोळ्यांनिशी मी तीनदा हरले. निघताना त्यांनी पानं माझ्याकडून मागून घेतली आणि खिशात ठेवली. "सोंगट्या न्हाई गावल्या," ते म्हणाले. "पट हाय. चालतंय तेवढं."

पुस्तक बांधायला त्यांना चार महिने लागले. पूर्वी अर्ध्या दिवसाचं काम. लाल कापडी पाठ, कोपऱ्यांना चामडं. ते त्यांनी माझ्या हातात दिलं आणि म्हणाले, "मोजून घ्या." मी नेहमीप्रमाणे हसले. त्यांचा हात पुस्तकावरून निघायला जरा वेळ लागला, एवढंच माझ्या लक्षात आलं. त्यानंतर त्यांनी काही बांधलं नाही. दुकानाच्या जागी आता चिक्की मिळते.

मुलाणीभाऊ गेल्या श्रावणात गेले. मातीवरून आले आणि कपाटातलं ते पुस्तक काढून बसले. करण्यासारखं दुसरं काही सुचेना, म्हणून आयुष्यात पहिल्यांदा मी त्यांचं सांगणं ऐकलं आणि मोजू लागले. आम्ही वाचले होते त्याहून एक फर्मा जास्त भरला. म्हटलं, डोळ्याने दगा दिला, बिचाऱ्यांची पहिलीच चूक. पुन्हा मोजलं. तरीही एक जास्त.

मग मी मधोमध उघडलं. त्या बाईचा उपदेश जिथे तुटतो तिथे आठ कोरी पानं होती. तिथल्या दोन फर्म्यांच्या मधोमध, इतरांच्याच दोऱ्याने, घट्ट शिवलेली. पहिल्या कोऱ्या पानाच्या कोपऱ्यात, प्रत्येक फर्म्यावर ते घालत तसा पेन्सिलीने आकडा घातला होता. तो रेघ सोडून खाली घसरला होता. म्हणजे तोवर त्यांना दिसत नव्हतं. आइसलंडमध्ये कधी कुणाला ती पानं सापडलीच, तर लोणावळ्यात जागा करून ठेवलेली आहे.

मी पुस्तक पुन्हा पहिल्यापासून मोजलं. पुरं होतं.